ओवी हे नाव आपल्याच घरातलं आहे

काळाचौकी, मुंबई
बुधवार, रात्र

तीर्थरूप आई-बाबा,

शिरसाष्टांग नमस्कार.

शेजारचे काका उद्या सकाळी गावी निघालेत, त्यांच्या हाती हे पत्र देतेय. फोनवर बाबांना नीट ऐकू येत नाही, आणि मी आवाज चढवला की भांडल्यासारखं होतं. रविवारी तसंच झालं. आई, रात्री जेवणं आटोपली की पडवीत बसून हे बाबांना वाचून दाखव. घाई करू नकोस.

बाळ छान आहे. दूध पिते, झोपते, रात्री दोनला उठून दादाला फेऱ्या मारायला लावते. वहिनीची तब्येतही सुधारतेय. रविवारी बारावा दिवस, बारसं वहिनीच्या माहेरी ठाण्याला, ते तुम्हाला ठाऊक आहे. राहिलंय ते नावाचं.

बाबा, तुम्ही म्हणालात, "ओवी पोथीत असते. लेकराला कुणी 'ए ओवी, चप्पल घाल' म्हणायचं का?" आणि आई म्हणाली, हे आजकालचं फॅशनचं नाव आहे, शिवाय भटजींनी 'वी' अक्षर काढून दिलंय. तुम्ही दोघं रागावून बोलला नाहीत, तुम्हाला मनापासून खटकलंय, हे मला कळलं. नाव आत्यानं ठेवायचं, म्हणजे बाळाच्या कानात ते मी सांगणार. तुमच्या मनात सल ठेवून मला ते सांगायचं नाही. म्हणून गेले तीन दिवस ऑफिसमधून आल्यावर मी हाच शोध घेत बसलेय.

आधी अक्षराचं बोलते, ते सोपं आहे. बाळाचं नक्षत्र रोहिणी, तिसरा चरण, म्हणून 'वी'. आपल्या पंचांगात रोहिणीचा रकाना काढून बघ आई. चार चरणांची चार अक्षरं आहेत: ओ, वा, वी, वू. 'ओवी'तली दोन्ही अक्षरं त्याच रकान्यातली आहेत. तरी तुझं समाधान झालं नाही तर पत्रिकेतलं जन्मनाव 'वी'वरून वेगळं ठेवू. माझं नाही का वेगळं आहे? त्या नावानं मला आजवर कुणी हाक मारलेली नाही.

आता बाबांचं म्हणणं. बाबा, ज्ञानेश्वरीच्या शेवटी एक ओवी आहे, तुम्ही पारायणात किती वेळा म्हटली असेल:

तेणें अबालसुबोधें । ओवीयेचेनि प्रबंधें ।
ब्रह्मरससुस्वादें । अक्षरें गुंथिलीं ॥

लहान पोरालाही समजेल अशा ओवीच्या बांधणीत, ब्रह्मरसाच्या गोडीनं ही अक्षरं गुंफली, असं माउली सांगतात. ही ओवी मी सोमवारी रात्री दहा वेळा मोठ्यानं म्हटली. पहिले तीन चरण यमकानं एकमेकांना धरून चालतात, आणि चौथा आखूड, मोकळा. तिथे आपोआप श्वास घेतला जातो. साडेतीन चरणांची ओवी म्हणतात ती ही. शब्दही बघा. ओवी म्हणजे ओवलेली. मणी ओवावे, फुलं ओवावी, तशी अक्षरं. तुम्ही साच्यावर असताना तुटलेला धागा फणीतून परत ओवून साचा चालू करायचात. लहानपणी आम्हाला बोटं दाखवून सांगायचात की या बोटांना अंधारातसुद्धा धागा ओवता येतो. तोच हा शब्द.

ज्ञानेश्वरी झाली शके १२१२मध्ये, म्हणजे इसवी सन १२९०. ओवी मात्र त्याच्या कितीतरी आधीची आहे. चालुक्यांचा राजा तिसरा सोमेश्वर याची राजधानी कल्याणी, म्हणजे कर्नाटकातलं आजचं बसवकल्याण. त्यानं 'मानसोल्लास' नावाचा संस्कृत ग्रंथ लिहिला, साधारण ११३०च्या सुमाराला. राज्यकारभार, हत्ती-घोडे, स्वयंपाक, दागिने, गाणं, सगळं काही त्यात आहे. त्यात तो नोंदवतो की महाराष्ट्रात बायका कांडताना ओवी गातात. बाबा, हे वाचून मी उठून खिडकीशी जाऊन उभी राहिले. माउलींच्या जवळजवळ १६० वर्षं आधी एका राजानं आपल्या ग्रंथात लिहून ठेवलं की ओवी बायकांची आहे, मुसळ हातात असलेल्या बायकांची.

वहिनीच्या मोबाईलवर नावांचे अर्थ सांगणारं एक अ‍ॅप आहे. त्यात ओवीचा अर्थ दिलाय, 'संतांचा पवित्र संदेश'. बस, एवढंच. मला ते फार लागलं. संतांनी ओवीला मोठं केलं, यात शंका नाही. ज्ञानेश्वरीत ९ हजारांच्या आसपास ओव्या, दासबोधात ७ हजारांवर, नाथांचं भावार्थ रामायण ओवीत, श्रावणात आपल्या चाळीत लावायचे तो हरिविजयही ओवीतच. पण ज्यांच्या तोंडी ती आधी होती त्या बायका त्या अर्थात कुठेच नाहीत. जनाबाई 'दळिता कांडिता, तुज गाईन अनंता' म्हणते, तेव्हा ती दळणाच्या जागी बसूनच बोलते. देव तिथे तिच्याकडे आला.

म्हणून बाबा, हे नाव रोज घरात हाक मारायला फार पवित्र आहे असं मला वाटत नाही. ते घरातूनच पोथीत गेलंय. आपण पोरांना गीता म्हणतो, गंगा म्हणतो, ज्ञानेश्वर म्हणतो, आणि त्यांना चप्पल घाल म्हणूनही सांगतो. त्यात कुणाचा अपमान होत नाही.

आता जे सांगायचं आहे ते तुमच्या आईचं, आमच्या आजीचं.

मी पाचवी-सहावीत असेन. मे महिन्यात गावी होतो. आतेबहिणीचं लग्न ठरलं होतं. तोवर दळण वाडीच्या गिरणीत जायचं, घरी जातं कोपऱ्यात पडून असायचं, पावसाळ्याआधी डाळी भरडण्यापुरतं. पण हळद जात्यावरच दळायची. पाथरवटाकडून टाकी लावून घेतली होती, खुंट्याला हळकुंड बांधलं होतं. आजी आणि धाकटी आजी समोरासमोर बसल्या, एकीनं वैरण घातली, दोघींचे हात खुंट्यावर आले आणि आजीनं सुरुवात केली, "पहिली माझी ओवी गं…" एरवी ती कमी बोलायची. घरात चार माणसं असली की तिचा आवाज ऐकू यायचा नाही. त्या दिवशी तो आवाज वेगळाच होता. आई, तू चुलीपाशी होतीस, आणि तूही मधूनच शेवट धरत होतीस. तुला वाटतं मला आठवत नाही.

त्यातली एक ओवी माझ्या डोक्यात तेव्हापासून बसलीये:

ममईच्या गाडीला गं, धूर निघे काळा काळा,
बाळ माझा गिरणीत, सुतासंगं त्याची शाळा.

तेव्हा मला ती नुसती गंमत वाटली होती. आता कळतं की त्यातला बाळ तुम्ही आहात, बाबा. पंधराव्या वर्षी शाळा सोडून मामाचं बोट धरून तुम्ही लालबागला आलात, बदली कामगार म्हणून लागलात. आजी तुम्हाला कधी म्हणाली का की तुमची शाळा सुटल्याचं तिला वाईट वाटलं? मला नाही वाटत. १९८२चा संप झाला, गिरणीनं परत घेतलं नाही, तुम्ही रात्रीच्या वॉचमनच्या नोकऱ्या केल्या, तेव्हाही ती काही बोलली नाही असं आई सांगते. बोलायचं ते ती जात्यापाशी बोलत होती. लिहिता-वाचता येत नव्हतं तिला. तिचं सगळं लिहिणं ते होतं, आणि आपल्यापैकी कुणीही ते लिहून घेतलं नाही. मी नववीत असताना ती गेली. माझ्याकडे दोन ओळी उरल्यात.

आपल्याकडे कापडाचीही गिरणी आणि पिठाचीही गिरणीच. एका गिरणीनं घरातला माणूस मुंबईला नेला, दुसरीनं जातं थांबवलं. पिठाच्या गिरणीला मी नावं ठेवणार नाही. पहाटे तीनला उठून घरभराचं दळण दळणं काय असतं ते आजीच्या हाताच्या घट्ट्यांवरून दिसायचं, आणि ते कष्ट सुटले हे चांगलंच झालं. पण कष्टाबरोबर गाणंही सुटलं.

सगळीकडचं सुटलं नाही, हे मात्र तुम्हाला सांगायलाच हवं. पुण्याच्या हेमा राईरकर आणि मूळचे फ्रान्सचे, पुण्यात स्थायिक झालेले गी पॉइटवाँ, या दोघांनी सहकाऱ्यांना घेऊन गावोगावी जाऊन जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. एक लाखाहून जास्त! बायकांना बसवून, त्यांच्याच बोलीत लिहून घेतल्या, काही ध्वनिमुद्रितही केल्या. पीपल्स आर्काइव्ह ऑफ रुरल इंडिया या संकेतस्थळानं त्या आता सगळ्यांना ऐकता येतील अशा ठेवल्यात. काल रात्री कानाला लावून मी तासभर ऐकत बसले. सीता आहे, विठ्ठल आहे, भाऊ आहे, सासुरवास आहे, आणि मागे जात्याची घरघर. आपल्या आजीची ओवी त्यात नसणार. तरी दर नव्या आवाजाला मी कान टवकारत होते.

आई, तू फॅशनचं नाव म्हणालीस. नाव म्हणून ते नवं आहे, हे मी मान्य करते. माझ्या वर्गात एकही ओवी नव्हती. सुवर्णा, मनीषा, वैशाली होत्या. आता आमच्या समोरच्या बागेत कुणी ओवी म्हणून हाक मारली तर दोन पोरी वळून बघतात. पण तुझं नाव ठेवलं तेव्हा तेही गावात नवंच होतं, आणि आजीला ते शेवटपर्यंत नीट उच्चारता आलं नाही, असं तूच हसत सांगतेस. ओवी तिला उच्चारता आलं असतं. आजीचंच नाव ठेवा असं तुझ्या मनात आहे, तू बोलली नाहीस तरी मला कळलं. वहिनीला मी विचारलं. तिचं म्हणणं, आजीचं नाव ठेवलं तर त्या नावानं पोरीला रागवताना माझी जीभ अडखळेल. मला तिचं पटलं. आजीच्या नावाऐवजी आजीच्या तोंडचं काहीतरी पोरीला मिळतंय, असं बघ.

बाबा, एक तुमच्यासाठी. तुमचा तो जुना नोकियाचा फोन आठवतो? त्यात 'ओवी' म्हणून एक खूण होती आणि तुम्ही मला विचारलं होतं, यांनी ज्ञानेश्वरी घातलीये का यात? तो फिनलंडच्या भाषेतला शब्द आहे. तिकडे ओवी म्हणजे दार. परवा दादाला हे सांगितलं तर तो बाळाला मांडीवर घेऊन किती वेळ 'दार, दार' करत होता.

जन्मदाखल्याची घाई नाही. जन्माची नोंद झालीये, नावाचा रकाना कोरा आहे. वर्षाच्या आत महापालिकेत नाव घातलं तर दंड लागत नाही. लसीच्या कार्डावर अजून वहिनीच्या नावापुढे 'बेबी' एवढंच आहे. इंग्रजीत शेवटी एक आय लावायचा की दोन ई, यावर दादा-वहिनीचं अजून एकमत नाही. ते त्यांचं त्यांना ठरवू दे, मराठीत ते एकाच तऱ्हेनं लिहितात.

तुम्हाला अजूनही नाही पटलं तर शनिवारपर्यंत काकांच्या फोनवरून तसं कळवा. मी दादा-वहिनीशी बोलेन, रागावणार नाही. पटलं तर माझं एक मागणं आहे. आई, तुला आजीच्या ओव्या येतात. तू नाही म्हणतेस, पण भाकरी थापताना तुझे ओठ हलतात ते मी पाहिलंय. येताना एसटीत बसल्या बसल्या आठवून ठेव. कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या झालं, मी कानात नाव सांगितलं, की पाळण्याची दोरी तुझ्या हातात देणार आहे. 'पहिली माझी ओवी' तू म्हणायचीस. दादा मोबाईलवर रेकॉर्ड करेल. आणि बाबा, तिला मधेच एखादी ओळ आठवली नाही तर तुम्ही सांगा. तुमच्या आईची आहे, तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त येत असणार.

रविवारी पहाटे परळला उतरलात की तिथेच थांबा, मी टॅक्सी घेऊन येते. गुडघ्याचा पट्टा विसरू नका.

तुमची,
ताई

ता. क. घुगऱ्यांसाठी हरभरे इथे मिळतात, पण वहिनीच्या आईला गावचेच हवेत. दोन किलो आणा. आणि जात्याचा खुंटा सुटा निघत असेल तर पिशवीत घाला, मला तो बाळाच्या पाळण्याजवळ ठेवायचा आहे.