'अपात्र' या एका शब्दाचे कारण मागणारे खुले पत्र

माननीय मंत्री महोदय,
सविनय नमस्कार.

भरतीत मला 'अपात्र' ठरवल्याचे कारण मागणाऱ्या माझ्या अर्जावर आपल्या अखत्यारीतील एका कार्यालयाचे पत्र गेल्या सोमवारी मला नवी पेठेतील खोलीवर मिळाले. 'आपला अर्ज दप्तरी दाखल करण्यात आला आहे', म्हणजे पुढे काही न करता बंद केला आहे, एवढे एकच वाक्य त्यात आहे. जावक क्रमांक आहे, तारखेची जागा कोरी आहे आणि सही 'करिता' आहे, म्हणजे निर्णय घेणाऱ्यांची नव्हे. पंधरा दिवसांत सुनावणी लावतो, असे मला त्याच कार्यालयात सांगितले होते, त्याला ५ महिने झाले.

लिपिकवर्गीय पदाच्या मूळ जाहिरातीत संगणक प्रमाणपत्र नियुक्तीनंतर २ वर्षांत सादर करण्याची मुभा होती. लेखी परीक्षा झाली, गुणवत्ता यादीत माझा ११ वा क्रमांक आला, आईने गावात पेढे वाटले आणि त्यानंतर शुद्धिपत्रक निघाले की प्रमाणपत्र अर्जाच्या अंतिम तारखेपूर्वीचे हवे. माझे १९ दिवस नंतरचे होते. पडताळणीच्या यादीत माझ्या नावापुढे शेऱ्याच्या रकान्यात 'अपात्र' असा शब्द पडला. कारण विचारले तेव्हा टेबलावरच्या गृहस्थांनी यादी पालथी घातली आणि 'वरून आलंय' म्हणाले. वर म्हणजे कुठे, हे विचारायला मी दोन मजले चढले, तर साहेब मीटिंगला गेलेले. (पाचही वेळा ते मीटिंगलाच होते. एवढ्या बैठकांतून एका ओळीचे कारण निघत नसेल, तर त्यांत होते तरी काय?)

निवड समितीवर स्वतः उमेदवार असलेला अधिकारीच बसला होता, त्या भारतीय वनसेवेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९६९ सालीच सांगितले की प्रशासकीय निर्णयांनाही नैसर्गिक न्यायाची तत्त्वे लागू होतात, म्हणजे बाधिताचे म्हणणे ऐकावे आणि स्वतःच्या प्रकरणात स्वतःच निर्णय देऊ नये. नोव्हेंबर २०२४ मध्ये पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने म्हटले की भरती सुरू झाल्यावर पात्रतेचे निकष मध्येच बदलता येत नाहीत. नियमांत किंवा जाहिरातीत तशी मुभा असली, तरी तो बदल मनमानी नसावा. 'बदलाचे सर्व अधिकार राखून ठेवले आहेत' हे जाहिरातीच्या तळाचे वाक्य आपले अधिकारी दाखवतील, म्हणून हे आधीच लिहिते. बाधित व्यक्तीला निर्णयाची कारणे द्यावीत, हे तर माहिती अधिकार कायद्याच्या कलम ४ मध्येच आहे.

आणि दप्तर दिरंगाईचा कायदा? कोणत्याही कर्मचाऱ्याकडे फाइल कामकाजाच्या ७ दिवसांहून अधिक पडून राहू नये, असे शासनाने २००५ साली स्वतःलाच बजावले आहे. माझ्या १९ दिवसांना क्षमा नाही. आपल्या ५ महिन्यांचा शेरा कोणत्या रकान्यात पडतो?

सहा वर्षांत खोलीभाडे, मेस आणि अभ्यासिका मिळून ५ लाख तरी गेले असतील. ते भावाने पाठवले, त्यामुळे हिशेब मांडायची हिंमत होत नाही. ज्या घरी पेढे दिले, त्या घरच्या हळदीकुंकवाला आई यंदा गेली नाही. आमच्या अभ्यासिकेत ६० टेबले आहेत आणि निम्म्यांवर तरी अशी एखादी शुद्धिपत्रकाची कहाणी बसलेली असेल. मी मोजलेले नाही, पण आपणही मोजलेले नाही. निवृत्तांना कंत्राटावर परत घेताना कोणाचे प्रमाणपत्र कोणत्या तारखेचे, हे इतक्या बारकाईने कोण पाहते? तिथे 'अनुभव' पुरतो. आम्हाला मात्र 'मॅटमध्ये जा', म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात दाद मागा, असा सल्ला मिळतो. मॅट मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरला आहे. पुण्याच्या उमेदवाराने वकिलाची फी भरून प्रत्येक तारखेला मुंबई गाठायची.

मला कारण लेखी द्यावे, निर्णय घेणाऱ्या अधिकाऱ्यासमोर एकदा म्हणणे मांडू द्यावे आणि तोवर ती जागा भरू नये. आणि उत्तरावर कृपया तारीख घालावी. मॅटमध्ये दाद मागण्याची एक वर्षाची मुदत आदेशाच्या तारखेपासून मोजतात, हे तारखेची जागा कोरी सोडणाऱ्याला ठाऊक नसेल, असे मला वाटत नाही.

आपली,
एक उमेदवार,
नवी पेठ, पुणे