बटाटेवाला महापौर

डेट्रॉइट

ती. नानांना साष्टांग नमस्कार, वि. वि.

ग्रँड सर्कस पार्कमधल्या पुतळ्याचा फोटो पाहून तो खुर्चीत बसलेला दाढीवाला कोण, असं विचारलंत. तो हेझन पिंग्री, 1890 ते 1897 या काळातला इथला महापौर. तुमची हयात नगरपालिकेत गेली, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

मूळचा अमेरिकेतल्याच मेन राज्यातला. अमेरिकेच्या यादवी युद्धात कैद झाला, अँडरसनव्हिलच्या युद्धकैद्यांच्या छावणीत राहून जिवंत परतला. 1866 मध्ये भागीदाराबरोबर इथे बुटांचा कारखाना काढला आणि बख्खळ कमावलं. कारखानदार म्हणजे आपलाच माणूस, अशा हिशेबाने पैसेवाल्यांनी त्याला उभं केलं. हिशेब साफ चुकला.

तेव्हा इथले पुष्कळ रस्ते सीडरच्या लाकडी ठोकळ्यांचे होते, खाली वाळू आणि फळ्या. पाणी मुरलं की फळी कुजते, ठोकळे खचतात. त्याने काँक्रीटचा पाया घालून वर डांबर किंवा विटा बसवण्याचा आग्रह धरला. पायाच कच्चा असला तर वरच्या थराचं काय होतं, हे तुम्हाला मी काय सांगू! पुढे रस्त्यावरच्या दिव्यांसाठी शहराचं स्वतःचं वीजकेंद्र 1895 मध्ये सुरू झालं. ट्रामचं भाडं 5 सेंटांवरून 3 वर आणायला मात्र तो वर्षानुवर्षं भांडला.

खरी गोष्ट बटाट्यांची. 1893 च्या मंदीत हजारो लोक बेकार झाले, त्यांत पोलिश आणि जर्मन बरेच. नुसती मदत वाटत बसण्यापेक्षा 1894 मध्ये त्याने शहराच्या कडेच्या पडीक जागा मालकांकडून तात्पुरत्या मागून घेतल्या. सुमारे 430 एकर मिळाली. या कामासाठीच्या समितीने नांगरून, खुंट्या ठोकून पाव ते अर्ध्या एकराचे, म्हणजे आपल्या 10 ते 20 गुंठ्यांचे तुकडे पाडले आणि बियाणं दिलं. पीक ज्याचं त्याचं. बटाटे, घेवडा, सलगम. अर्ज जमिनीपेक्षा कितीतरी जास्त. पहिल्या वर्षी सुमारे 945 कुटुंबांनाच जागा पुरली. पैशासाठी चर्चमध्ये वर्गणी मागितली तर हाती चिल्लर आली. तेव्हा त्याने स्वतःचा उमदा घोडा लिलावात काढला. वर्तमानपत्रांनी ‘पोटॅटो पॅच पिंग्री’, म्हणजे बटाट्याच्या वाफ्याचा पिंग्री, म्हणून टर उडवली. लागवडीला उशीर झाला होता, तरी पिकाची किंमत खर्चाच्या कितीतरी पट भरली, आणि दुसऱ्या शहरांनी हीच रीत उचलली. एक कच्चा दुवा होता: जागा उसनी. मालकाला ती विकायची झाली की शेत गेलं.

हट्टीही तेवढाच. मिशिगनचा, म्हणजे डेट्रॉइट ज्या राज्यात आहे त्याचा, गव्हर्नर झाल्यावर महापौरपदही सोडेना. शेवटी राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने एकच पद ठेवायला लावलं. 18 जून 1901 ला लंडनमध्ये वारला. पुतळ्याखाली ‘लोकांचं दैवत’ या अर्थाचे शब्द कोरलेत.

आईला नमस्कार सांगा. पुढच्या वेळी चबुतऱ्याचा फोटो जवळून काढून पाठवतो.

आपला,
बाळ