मोर्चात चालणाऱ्यांनीच मोर्चाची नोंद ठेवावी

मा. संपादक,
स.न.वि.वि.

शेतकऱ्यांच्या मोर्चाचा विषय निघाला की अजूनही २०१८ च्या नाशिक-मुंबई लाँग मार्चमधले सोललेल्या पायांचे फोटो फिरतात. ते खरेच आहेत, मी त्या मोर्चात चालत होतो, पण त्या पायांना मागायचं काय होतं हे विचारलं तर दहातले नऊ जण "कर्जमाफी" एवढंच सांगतात. आमच्या सुरगाणा, पेठ, दिंडोरी भागातली बहुतेक माणसं वनपट्ट्यासाठी निघाली होती. वनहक्क कायदा २००६ चा, १३ डिसेंबर २००५ च्या आधीपासून जी वनजमीन कसताय ती चार हेक्टरपर्यंत नावावर मिळायला पाहिजे, आणि इथे कोणाचा दावा नामंजूर, कोणाला कसतो त्यापेक्षा कितीतरी कमी क्षेत्र दिलेलं.

६ मार्चला नाशिकहून निघालो तेव्हा चॅनलवाले फार नव्हते, खरी गर्दी मुंबई जवळ आल्यावर झाली. मधल्या वाटेवरचं जे काही आहे ते आमच्यासारख्यांच्या मोबाईलमध्येच आहे. माझ्याकडे कसारा घाटाखालचा एक व्हिडिओ आहे, पेठकडच्या एक मावशी रस्त्याच्या कडेला बसून प्लास्टिकच्या पिशवीतून दाव्याच्या झेरॉक्स काढून दाखवतायत, घडीवर कागद फाटलेला, आणि कुठल्या ओढ्यापासून कुठल्या आंब्यापर्यंत त्यांचं शेत आहे ते बोटाने जमिनीवर रेघ ओढून सांगतायत. हे टीव्हीवर कुठे आलं? ११ तारखेला रात्री सोमय्या मैदानावरून आझाद मैदानाकडे निघालो, का तर सकाळी दहावीच्या पोरांचा पेपर होता, त्यांना ट्रॅफिकचा त्रास नको. ही बातमी सगळीकडे आली आणि मुंबईकरांनी पाणी, बिस्किटं, चपला दिल्या, त्याचं आम्हाला आजही कौतुक आहे. पण दिवसभर चालून आलेल्या म्हाताऱ्या माणसांना परत उठा म्हणताना काय बोलणं झालं, कोण कुरकुरलं, कोणी समजूत काढली, ते आत असणाऱ्यालाच माहीत.

लोक म्हणतात तू तर मोर्चा काढणाऱ्या लाल बावट्याचाच, तुझ्या व्हिडिओवर कोण विश्वास ठेवणार. मला हे पटत नाही. मी कुठे उभा होतो ते मी लपवत नाही, आणि कुरकुर, भांडणं, उन्हाने चक्कर येऊन पडलेली माणसं हे पण मी शूट केलंय, आपल्या बाजूचं म्हणून कापलेलं नाही. शिवाय वनहक्काच्या नियमातच गावातल्या वडीलधाऱ्यांचा लेखी जबाब पुरावा म्हणून चालतो, म्हणजे शेजारच्या बांधावरच्या माणसाची साक्ष कायद्यालाच चालते, मग मोर्चाच्या बाबतीत का चालू नये?

याची गरज आहे कारण १२ मार्चला सरकारने लेखी आश्वासन दिलं, वनदावे सहा महिन्यांत निकाली काढू म्हणून. तरी २०१९ च्या फेब्रुवारीत परत निघावं लागलं, २०२३ च्या मार्चमध्ये परत. दर वेळी नव्या अधिकाऱ्यापुढे मागचं सगळं पहिल्यापासून सांगत बसायचं, तेव्हा जुनी नोंद हाताशी असली तर बोलता येतं.

मोर्चात जाणाऱ्या पोरांना माझी कळकळीची विनंती, व्हॉट्सअॅपवर टाकलेल्या कॉपीवर राहू नका, त्यात तारीख-ठिकाणाची माहिती उडते आणि क्वालिटीही उतरते, मूळ फाइल वेगळी ठेवा आणि सोबत गाव, वेळ, काय चाललंय ते दोन ओळीत लिहा. आणि जवळून चेहरा घेताना विचारा, कारण उद्या जमावबंदीचा गुन्हा लागला तर तोच व्हिडिओ त्या माणसाच्या अंगाशी येतो, लाइक तुम्हाला मिळतात आणि तारखा त्याला पडतात.

तुम्हालाही एक विनंती, मोर्चाचा फोटो छापताना खाली तारीख आणि मागण्या छापा, चार ओळी लागतात. आणि तालुक्यातल्या एखाद्या वाचनालयाने हे सगळं सांभाळायची तयारी दाखवली तर ते पत्राखाली जरूर कळवा, आमच्या भागातल्या पोरांकडचे व्हिडिओ गोळा करून पेनड्राइव्ह मी स्वतः आणून देतो, जुने फोन एकेक करून बंद पडायला लागलेत.

आपला,
एक वाचक, ता. सुरगाणा, जि. नाशिक