बेवारस नव्हे, अडकून पडलेली वाहने

संपादक महोदय,

पोलीस ठाण्यांच्या आवारात गंजत पडलेल्या वाहनांविषयीचे कालच्या अंकातील वृत्त वाचले. छायाचित्र बोलके होते. मजकूर मात्र ठाण्यात सांगितला गेला आणि आपल्या वार्ताहराने तो तसाच उतरवून घेतला, असा वाटला. 'मालकांच्या उदासीनतेमुळे' वाहने पडून राहतात, या निष्कर्षाला निदान एका मालकाने तरी उत्तर द्यावे, म्हणून हे पत्र.

माझी मोटारसायकल चोरीला गेली आणि नवव्या दिवशी पोलिसांनी ती चोरासह पकडली, याबद्दल मी त्यांचा आजही आभारी आहे. परंतु चोराकडे नऊ दिवस राहिलेली गाडी पुढे साडेचार महिने ठाण्यात राहिली. फिर्यादी मीच, नोंदणी पुस्तक माझ्याच नावे, दुसरा कोणी हक्क सांगायला आलेला नाही. तरीही ती आता मुद्देमाल झाली होती. न्यायालयाचा आदेश आणा, असे सांगण्यात आले, ते मान्य करून मी वकिलामार्फत अर्ज केला. न्यायालयाने तपासी अंमलदारांचे म्हणणे मागवले आणि ते न आल्यामुळे लागोपाठ चार तारखा वाया गेल्या, कारण साहेब कधी बंदोबस्तावर, कधी रजेवर, तर कधी दुसऱ्या न्यायालयात साक्षीला होते. अखेर जे म्हणणे दाखल झाले, ते एका ओळीचे होते : 'योग्य तो आदेश होण्यास विनंती आहे.' या एका ओळीसाठी दोन महिने! दरम्यान गाडीचा विमा संपला. नूतनीकरणासाठी विमा कंपनीने गाडीची ताजी छायाचित्रे मागितली, तर मुद्देमालाचे छायाचित्र काढता येणार नाही, असे मुद्देमाल कारकुनाने बजावले.

वाहने ठाण्यात दीर्घकाळ ठेवण्यात काहीच अर्थ नाही, योग्य बंधपत्र व हमी घेऊन ती सोडण्याचे आदेश तातडीने द्यावेत, असे सर्वोच्च न्यायालयाने सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात 2002 मध्येच सांगितले आहे. 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 497 मध्ये तर मुदतीच घालून दिल्या आहेत : जप्त वस्तू न्यायालयापुढे सादर झाल्यापासून 14 दिवसांत तिचे वर्णन नोंदवायचे, छायाचित्रे घ्यायची आणि त्यानंतर 30 दिवसांत ती कोणाच्या ताब्यात द्यायची किंवा तिची विल्हेवाट कशी लावायची, याचा आदेश करायचा. माझी गाडी न्यायालयापुढे 'सादर' झाली होती की तिची जप्ती नुसती कळवली गेली होती, यावर वाद घालत बसलो असतो, तर पाचवी तारीखही तशीच गेली असती.

आदेश घेऊन गेलो, तेव्हा गाडी मागच्या भिंतीला दोन मोटारसायकलींखाली आडवी सापडली. पेट्रोलच्या टाकीवर पांढऱ्या रंगाने गुन्हा क्रमांक रंगवलेला, पुढच्या चाकाच्या तारांत वेल शिरलेला आणि बॅटरी गायब. विचारले, तर पंचनाम्यात बॅटरीचा उल्लेखच नाही, असे उत्तर मिळाले. (चोर बॅटरीशिवाय गाडी चालवत होता, असे समजायचे काय?) 'वाहन सुस्थितीत ताब्यात मिळाले' हे वाक्य पावतीवर आधीच टंकलेले होते. त्याखाली मी मुकाट्याने सही केली, कारण ती न केली असती, तर गाडी पुन्हा त्या दोघींखाली गेली असती.

आपल्या कालच्या छायाचित्रात तीन वाहनांचे क्रमांक भिंगाशिवाय वाचता येतात. एवढ्यावरून मालकांचा शोध घेऊन, ते ठाण्याच्या पायऱ्या किती वेळा चढले, हे वार्ताहराने त्यांनाच विचारले असते, तर 'बेवारस' हा शब्द मथळ्यात आला नसता. आणि जाता जाता : माझ्या मागील पत्रातील कायद्याचा परिच्छेद आपण जागेअभावी वगळला होता. या वेळीही काही गाळणे भागच असेल, तर बॅटरीचे गाळावे.

आपला,
एक जुना वाचक