ताटातल्या तांदळावरचं नाव

मा. संपादक,
स. न. वि. वि.

चार बायका जमल्या की हल्लीच्या नव्या सुनांचा विषय निघतोच. मंगळसूत्र रोज घालत नाहीत, उशिरा उठतात, नाश्ता बाहेरून मागवतात आणि आता तर नावही बदलत नाहीत! पहिल्या तीन गोष्टी ज्याच्या त्याच्या घरच्या. नावाबद्दल मात्र लिहिल्यावाचून राहवत नाही.

माझं लग्न १९८६ सालचं. लक्ष्मीपूजनाला ताटात तांदूळ पसरले आणि यांनी अंगठीने त्यात नाव लिहिलं. नाव सासूबाईंनी ठरवलेलं. मी ते पहिल्यांदा वाचलं ते त्या तांदळातच. दुसऱ्या दिवशी मागच्या दारातून कोणी तीन-चार हाका मारल्या. त्या मलाच आहेत हे मला कळलंच नाही. सून हाकेला ओ देत नाही, ही माझी सासरची पहिली तक्रार.

पुढे शिक्षिका झाले. दहावी आणि डी.एड.ची प्रमाणपत्रं एका नावाची, सेवापुस्तक दुसऱ्या नावाचं. वडील गेल्यावर सातबाऱ्यावर वारस नोंद करायची होती. भावांची काही हरकत नव्हती, पण कागद म्हणत होते की या नावाची मुलगी त्यांना नाहीच. दोन्ही नावांची बाई एकच, असं प्रतिज्ञापत्र करून दिलं. माझ्याच वडिलांची मुलगी मी, आणि ते मला स्टॅम्पपेपरवर सांगावं लागलं, याचं फार वाईट वाटलं होतं.

गेल्या मार्गशीर्षात मुलाचं लग्न झालं. ताट मीच मांडलं. सुनेने हळूच विचारलं, "आई, माझंच नाव लिहिलं तर चालेल?" मुलाने तिचं नाव लिहिलं, मग अंगठी तिच्या हातात दिली आणि तिने शेजारी त्याचं लिहिलं. "मग पेढे कशाचे वाटायचे?" असं एक नणंद म्हणाल्या. आम्ही वाटले.

लग्नानंतर नाव बदललंच पाहिजे असं १९५५च्या हिंदू विवाह कायद्यात कुठेही नाही. आपल्या राज्याने तर १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात वडिलांच्या आधी आईचं नाव लावायचं ठरवलं. मग ते आईचं नाव तिचं स्वतःचं नको का?

ज्या मुलींना नवं नाव आवडतं त्यांनी ते हौसेने घ्यावं, त्याला माझी ना नाही. माझं एवढंच म्हणणं आहे, की ताट मांडण्याआधी घरातल्या मोठ्यांनी मुलीला एकदा विचारावं. मला कोणी विचारलं नव्हतं. आई-वडील गेले, थोरले भाऊही गेले. आता माझ्या जन्मनावाने हाक मारणारा धाकटा भाऊ तेवढा उरला आहे.

— एक निवृत्त शिक्षिका, सातारा