माळ्यावरच्या टीव्ही गेमच्या कॅसेट भंगारात देऊ नका

ग्रामस्थ आणि चाकरमानी मंडळींना नमस्कार.

गणपतीचे मखर काढायला माळ्यावर चढाल, तेव्हा जुन्या टीव्ही गेमचा खोकाही खाली घ्या आणि आपल्या वाचनालयात आणून द्या; या कॅसेट आम्ही तिथे जपून ठेवणार आहोत. रविवारी दूरदर्शनवर 'डकटेल्स' हे कार्टून पाहायचे आणि मग त्यातल्याच स्क्रूज बदकाला टीव्ही गेममध्ये काठीवर टणाटण उड्या मारत चंद्रापर्यंत न्यायचे, हे ज्यांनी केले आहे त्यांना जास्त सांगायला नको. कॅपकॉम कंपनीचा तो गेम १९८९ चा. पुढच्याच वर्षी चिप आणि डेल या कार्टूनमधल्या खारींचा आला. त्यात दोघांनी एकदम खेळायचे. भाऊ शत्रूऐवजी आपल्यालाच उचलून फेकायचा, आणि घरात भांडण!

हे दोन गेम २०१७ मध्ये एका संग्रहात पुन्हा निघाले. पण टायटोचा फ्लिंटस्टोन्स किंवा कोनामीचा टायनी टून यांची आठवण कोण काढतो? कार्टूनवरच्या गेमची गोम अशी, की गेम एका कंपनीचा आणि पात्रे दुसरीची. करार संपला की विक्री थांबते. २०१३ साली नव्याने केलेला 'डकटेल्स'सुद्धा २०१९ मध्ये विक्रीतून गेला होता. २०२० मध्ये परत आला, हे नशीब. अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये केलेल्या पाहणीनुसार, २०१० पूर्वी तिथे निघालेल्या गेमपैकी ८७ टक्के आज बाजारात मिळत नाहीत.

आपल्याकडे त्यात खाऱ्या हवेची भर. वाचनालयात आलेली एक कॅसेट उघडली, तर पिनांवर हिरवा थर आणि आत झुरळाची अंडी. आयसोप्रोपिल अल्कोहोल लावलेल्या कापसाने पुसल्यावर ती चालली. सगळ्याच चालतील असे नाही.

आपल्याकडच्या बहुतेक कॅसेट नकली, हे आम्हाला ठाऊक आहे. त्याही आणा. स्टिकरवर लाखो गेम आणि आत तेच चार पुन्हा पुन्हा, हाही आपल्याच बालपणाचा पुरावा आहे.

कॅसेट, रिमोट, अडॅप्टर, बंद पडलेले यंत्र, काहीही चालेल. चालू स्थितीतला जुना डबा टीव्ही तर हवाच, कारण बंदुकीने बदके मारायचा खेळ नव्या सपाट टीव्हीवर चालत नाही. सोल्डरिंग येणारा कोणी टीव्ही मेकॅनिक आठवड्यातून एक संध्याकाळ देईल तर फार मोठी मदत होईल. रोख देणगीतून आधी दमट हवा शोषणारे यंत्र आणि घट्ट बंद होणारे कपाट घ्यायचे आहे. पावती अवश्य मागून घ्या.

कॅसेट वाचनालयातच बसून खेळता येतील, फुकट. घरी नेता येणार नाहीत, प्रती काढून वाटल्या जाणार नाहीत.

आणताना एक करा: कॅसेटमध्ये फुंकर मारू नका. तोंडातल्या ओलाव्याने पिना आणखी गंजतात. सँडपेपर तर मुळीच नको. धुळीसकट, आहे तशी आणून द्या.

वाचनालयाच्या कार्यकारी मंडळाच्या वतीने,
सचिव