रॅकूनला खाऊ घालण्याचा सल्ला छापू नका

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

रॅकून हा अमेरिकेतला वन्य प्राणी आणि मांजर एकाच ताटलीत जेवतानाचा व्हिडिओ पाहून लेखिकेला भरून आलं, हे कालच्या पुरवणीत वाचलं. ‘मागच्या दारी मूठभर खाऊ ठेवा’ हा सल्लाही वाचला आणि रात्रभर डोक्यातून गेला नाही. तुमचं वृत्तपत्र परदेशातही वाचलं जातं. आमच्यासारखी कितीतरी मराठी कुटुंबं इथे अमेरिकेत रॅकूनच्या शेजारात राहतात.

आमच्या शेजारीणबाई असाच खाऊ ठेवत. भटक्या मांजरांसाठी मागच्या पायरीवर कोरड्या खाण्याचा वाडगा रात्रभर भरलेला. बरेच दिवस सगळं अगदी त्या व्हिडिओसारखं चाललं. एक खाई, दुसरं लांब बसून वाट बघे. मोठ्या मांजराच्या वाटेला रॅकून सहसा जात नाही, मांजरही त्याला टाळतं, एवढं लेखात बरोबर आहे. पण पिल्लं झालेली रॅकूनची मादी वेगळी असते. एका रात्री ती पिल्लांना घेऊन वाडग्याशी आली आणि त्याच वेळी आमची मांजर सोना कुंपणावरून उतरली. किंचाळणं ऐकून मी धावले, तोवर सोनाचा कान फाटला होता, मानेखालची कातडी लोंबत होती. ती मादी मला बघूनही पळाली नाही. पिल्लांना मागे घेऊन, पाठीची कमान करून, गुरगुरत तिथेच उभी राहिली. माणसाला भ्यायचं असतं, हेच ती त्या वाडग्यापायी विसरली होती.

सोनाला रेबीजची लस आधीच दिलेली होती. तरी डॉक्टरांनी ती लगेच पुन्हा दिली आणि ४५ दिवस नजरेखाली ठेवायला सांगितलं. लस नसती, तर तिला कित्येक महिने कोंडून ठेवणं किंवा कायमचं झोपवणं, एवढेच पर्याय होते. अमेरिकेच्या पूर्व भागात रेबीज पसरवणाऱ्या वन्य प्राण्यांत रॅकून प्रमुख आहे. तुमच्या पानभर लेखात रेबीजचा उल्लेख एकदाही नसावा?

विष्ठेचाही नाही. रॅकून ठरलेल्या जागी विष्ठा करतात: झाडाच्या बुंध्याशी, लाकडाच्या ढिगावर, छपरावर, माळ्यावर. तिच्यात एका गोलकृमीची अंडी असू शकतात. ती दोन ते चार आठवड्यांत संसर्गक्षम होतात आणि मातीत वर्षानुवर्षं टिकतात. मातीत खेळणाऱ्या लहान मुलाच्या पोटात ती गेली, तर अळ्या डोळ्यापर्यंत, मेंदूपर्यंत पोचू शकतात. असे रुग्ण फार थोडे, पण मेंदूला झालेली इजा बहुधा भरून येत नाही.

यात रॅकूनचा दोष नाही, हेही मला तितक्याच कळकळीने सांगायचं आहे. त्याच्या पुढच्या पंजांना विलक्षण स्पर्शज्ञान असतं, कड्या आणि डब्यांची झाकणं तो सहज उघडतो. अन्नाची जागा एकदा कळली की तो पुन्हा पुन्हा येणारच. आपण त्याची भीती घालवतो. मग तो कुणाला चावला आणि सापडला, की रेबीजच्या तपासणीसाठी त्याला मारून मेंदू तपासला जातो. खाऊ घालणाऱ्यांनी हे आधी लक्षात घ्यावं.

लेखाच्या शेवटी पिल्लू पाळण्याची हौसही आहे. जपानमध्ये १९७०च्या दशकात दूरदर्शनवरच्या एका कार्टूनपायी लोकांनी अशी पिल्लं आणवली. मोठी झाल्यावर ती आवरेनात, तेव्हा रानात सोडून दिली. आज ती देशभर पसरली आहेत.

आणि छायाचित्र! छापलेला प्राणी रॅकून नाहीच. तो पूर्व आशियातला, कुत्र्याच्या कुळातला रॅकून डॉग आहे. रॅकूनच्या शेपटीवर काळी कडी असतात, चित्रातल्या शेपटीवर एकही नाही. छापण्याआधी कुणी पाहिलं नाही का?

याच पुरवणीत, याच जागी दुरुस्ती छापावी, ही विनंती. तीत एवढं तरी असावं: मांजराचं खाणं अंधार पडण्याआधी आत घ्या, मांजराला रात्री घरात ठेवा, आणि रॅकूनने चावलं किंवा ओरखडलं तर जखम साबणपाण्याने १५ मिनिटं धुऊन ताबडतोब डॉक्टरांकडे जा.

कळावे,
एक वाचक